दारूला ऊन दाखवा

माझी सगळी नोकरी पोलिसांच्या शस्त्रागारात आर्मरर म्हणून झाली. थ्री-नॉट-थ्रीची गोळी उडाली नाही, की मी आधी काडतुसाचं बूड पाहायचो. टोपीवर पिनेचा खड्डा खोल असेल तर दोष काडतुसाचा. उथळ असेल तर स्प्रिंग ढिली पडलेली किंवा पिनेचं टोक झिजलेलं.

याच नजरेनं गड पाहू लागलो आणि तोड्याच्या बंदुकीनं मला धरून ठेवलं. चापाच्या चिमट्यात पेटता तोडा, म्हणजे धुमसती वात. चाप ओढला की तो नळीच्या कडेच्या कानावर, तिथल्या चिमूटभर रंजकीवर, म्हणजे पेटवणीच्या दारूवर, टेकायचा. रंजक भडकली की जाळ सुईएवढ्या भोकातून नळीत शिरून आतल्या दारूला पेटवायचा. काही बार झाले की काजळीनं ते भोक बुजायचं. मग रंजक फक्कन उडे, बार मात्र होत नसे. लढाईच्या धांदलीत हे लक्षात न येता वर दुसरी दारू-गोळी ठासली, तर पुढच्या बाराला नळीच फाटायची भीती.

पण खरा वैरी दमट हवा. शोरा, गंधक आणि कोळसा मिळून दारू होते. शोऱ्यात मिठाचा अंश राहिला तर तो हवेतलं पाणी ओढतो, आणि सह्याद्रीत पावसाळाभर हवाच पाण्याची. मराठेशाहीतल्या रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात यावर चोख बंदोबस्त सांगितला आहे: दारूखाना वस्तीपासून लांब हवा, आणि आठ-पंधरा दिवसांनी हवालदारानं जातीनं येऊन दारू नि बाण बाहेर काढावेत, ऊन देऊन पुन्हा मोहर करून ठेवावेत. हे लिहिणाऱ्यानं ओल्या दारूचा बार फसताना नक्की पाहिला असणार.

ओल्या दारूचा फटका मोठ्या लढाईतही बसला: १७५७ साली प्लासीला इंग्रज आणि बंगालचा नवाब यांच्या लढाईत भर दुपारी पाऊस कोसळला. नवाबाच्या गोटात फितुरी होतीच, पण इंग्रजांनी दारूवर ताडपत्र्या टाकल्या होत्या, नवाबाची दारू भिजली. इंग्रजांचीही भिजली असेल या हिशेबानं नवाबाचा सरदार मीर मदन चालून गेला आणि तोफेच्या गोळ्यानं पडला.

पुढं १८०७ साली स्कॉटलंडच्या अलेक्झांडर फोर्साइथ या धर्मोपदेशकानं ठोक्यानं पेटणाऱ्या मसाल्याचं पेटंट घेतलं. त्यातूनच तांब्याची टोपी आली आणि भर पावसातही बार होऊ लागला.

गडावरची तरुण मुलं दारूकोठार दाखवताना भिंतींची जाडी सांगतात. मी त्यांना दारू वाळत घालायची जागा शोधायला सांगतो: वाऱ्याच्या आडोशाची, चुलीपासून लांबची, दिवसभर ऊन असलेली.