फुली, क्रूस आणि क्रॉस

मराठीत शिवी छापायची वेळ आली की संपादक फुल्या मारतो. ‘फुल्या फुल्या’ एवढं दिसलं की वाचक काय ते समजतो. गंमत अशी, की ज्या लॅटिन शब्दाच्या वंशात आपला ‘क्रूस’ येतो, तो ‘क्रुक्स’ रोममध्ये चक्क शिवीसारखा वापरला जाई. रोमन नाटककार प्लॉटसच्या प्रहसनांत पात्रं एकमेकांना ‘जा, क्रूसावर लटक’ अशा अर्थी झिडकारतात. इ.स.पू. ६३ मध्ये एका बचावाच्या भाषणात सिसेरोनं तर बजावलं होतं, की हा शब्दसुद्धा रोमन नागरिकाच्या कानावर पडू नये. गुलामांना आणि बंडखोरांना चारचौघांत हालहाल करून मारण्याचं ते साधन. त्याचं नाव सभ्य लोक कशाला घेतील?

शुभवर्तमानांच्या ग्रीकमध्ये त्याला ‘स्तावरोस’ म्हटलं आहे. त्याचा जुना अर्थ रोवलेला खांब. मराठी बायबलनं त्यासाठी ‘वधस्तंभ’ योजला. शब्द जड आहे, पण आडपडदा न ठेवता तिथं काय घडलं ते सांगतो. ‘क्रूस’ मात्र पोर्तुगिजांबरोबर किनाऱ्यावर उतरला आणि गोव्याच्या कोंकणीत त्याचा ‘खुरीस’ झाला. वधस्तंभ पोथीत राहिला, क्रूस गावात आला. वसईत, वांद्र्यात रस्त्याच्या कडेला तो दिसतो: चुन्यानं रंगवलेला चौथरा, झेंडूची माळ, मेणाचे थिजलेले ओघळ. मुंबईच्या जुन्या गावठाणांतले कित्येक क्रूस १८९६ च्या प्लेगनंतर, साथ टळावी म्हणून लोकांनी उभारलेले आहेत.

अपमानाचं चिन्ह श्रद्धेचं व्हायला वेळ लागला. रोमच्या पॅलाटाइन टेकडीवर एका भिंतीवर कुणीतरी कोरलेलं चित्र सापडलं आहे: क्रूसावर गाढवाचं डोकं असलेला माणूस, आणि खाली त्याला वंदन करणारा अलेक्सामेनोस नावाचा भाविक. क्रूसावरच्या येशूच्या अगदी जुन्या चित्रांपैकी हे एक, आणि तेही टवाळीचं. तोवर क्रूस सोसणाऱ्याच्या बाजूचा होता.

पुढे तो हात बदलू लागला. १०९५ मध्ये क्लेरमाँला पोप दुसऱ्या अर्बननं जेरुसलेमच्या मोहिमेची हाक दिली आणि निघालेल्यांनी अंगरख्यावर कापडी क्रूस शिवून घेतले. ‘क्रुसेड’ हा शब्द त्यातलाच. अमेरिकेत १९१५ साली जॉर्जियातल्या स्टोन माउंटनवर, कृष्णवर्णीयांवर दहशत बसवणाऱ्या कू क्लक्स क्लॅन या संघटनेच्या नव्या अवतारानं क्रूस पेटवला. ही काही पुरातन प्रथा नव्हती. एकोणिसाव्या शतकातली मूळ क्लॅन क्रूस जाळत नसे. ती कल्पना थॉमस डिक्सनच्या १९०५ च्या कादंबरीतून उचललेली. ज्यावर सत्तेनं दुबळ्याला टांगलं, तेच चिन्ह दुबळ्याच्या दारात दहशतीसाठी पेटू लागलं. क्रूसाचा याहून मोठा गैरवापर कोणता?

‘क्रॉस’ची गोष्ट वेगळी. इंग्रजीतून आलेला हा शब्द मराठीत कामकरी झाला. एकेरी मार्गावर गाडी ‘क्रॉसिंगला’ थांबते, आपण रस्ता ‘क्रॉस’ करतो, चेकही ‘क्रॉस’ करतो, मग त्यावरच्या दोन तिरप्या रेघा एकमेकींना कुठंही छेदत नसल्या तरी चालतं. म्हणून आपण ‘रेडक्रॉस’ म्हणतो, ‘लाल क्रूस’ म्हणत नाही. मराठी कानानं केलेला हा भेद इतिहासाला धरून आहे. १८६४ च्या जिनिव्हा करारानं युद्धातल्या वैद्यकीय पथकांसाठी पांढऱ्यावर तांबडा क्रॉस ठरवला. स्वित्झर्लंडच्या ध्वजाचे रंग उलटे केले की तो तयार होतो. तरी १८७६ मध्ये ऑटोमन तुर्कांनी त्यात क्रूसच पाहिला आणि आपल्या पथकांसाठी लाल चंद्रकोर घेतली. ज्याच्या पूर्वजांनी क्रुसेड पाहिलं, त्याला रंगांची ही उलटापालट सांगून काय उपयोग?

आपल्याकडचा गैरवापर साळसूद आहे. दवाखान्याची पाटी, डॉक्टरांच्या गाडीची काच, औषधाचं दुकान, सगळीकडे लाल क्रॉस. ‘इथं उपचार मिळतात’ हा त्याचा अर्थ आपणच बसवला. १९६० च्या जिनिव्हा करार कायद्यानुसार केंद्र सरकारच्या परवानगीशिवाय तो लावणं गुन्हा आहे. दंड फार तर ५०० रुपये, म्हणून कुणी फिकीर करत नाही. युरोपात औषधांच्या दुकानावर हिरवा क्रॉस असतो, तो आपल्यालाही चालेल. लाल क्रॉस युद्धात ‘यावर गोळी झाडू नका’ एवढंच सांगतो, आणि तो पाहून समोरच्या सैनिकानं बंदूक खाली करायची असते. पार्किंगसाठी वापरून आपण त्याला इतका स्वस्त केला, तर तो सैनिक त्यावर विश्वास का ठेवील?