जाळून टाकण्याच्या बोलीवर काढलेला चित्रपट

दुसरे महायुद्ध संपले तेव्हा फ्रान्समध्ये चित्रपट काढू इच्छिणाऱ्यास धंद्यातील संघटनेचा परवाना लागे. सैन्यातून परतलेल्या झां-पिएर ग्रुंबाख या तरुणास तो मिळाला नाही. १९१७ साली पॅरिसमध्ये जन्मलेल्या या गृहस्थाने भूमिगत चळवळीत वावरताना ‘मोबी डिक’कार हर्मन मेल्व्हिल याचे आडनाव घेतले होते, आणि पुढे जग त्याला त्याच नावाने ओळखू लागले. परवान्यासाठी मनधरणी करीत बसणे त्याच्या स्वभावात नव्हते. त्याने स्वतःचीच निर्मितिसंस्था काढली.

पहिल्याच चित्रपटासाठी त्याने निवडली ती ‘समुद्राचे मौन’ ही वेर्कोर या टोपणनावाच्या लेखकाची कथा. जर्मन अंमलाखाली १९४२ साली ती गुप्तपणे छापली गेली होती. एक वृद्ध व त्याची पुतणी यांच्या घरी जर्मन अधिकारी मुक्कामास येतो. तो रोज संध्याकाळी सौजन्याने बोलत राहतो आणि ती दोघे एका शब्दानेही उत्तर देत नाहीत. एवढीच कथा! परंतु पराभूत राष्ट्राच्या स्वाभिमानाचे ते प्रतीक झाले होते, आणि वेर्कोर ती सिनेमावाल्यांच्या हाती द्यावयास तयार नव्हता. तेव्हा मेल्व्हिलने एक विलक्षण वचन दिले. तयार चित्रपट प्रतिकार चळवळीतील माणसांच्या पंचमंडळास दाखवावयाचा, आणि त्यांपैकी एकानेही हरकत घेतल्यास मूळ फीत जाळून टाकावयाची. आपले सर्वस्व असे पणास लावणारा निर्माता विरळाच.

१९४७ साली चित्रण सुरू झाले, तेही वेर्कोरच्याच घरात. पैसा हाती येईल तेव्हा काम करावयाचे, संपला की थांबावयाचे; फीतही मिळेल तशी, तुकड्यातुकड्यांनी विकत घ्यावयाची. आंरी दकाए या छायालेखकाने त्या दारिद्र्यातून छायाप्रकाशाचे जे सौंदर्य निर्माण केले, ते आजही पाहण्यासारखे आहे. फीत जाळण्याची वेळ आली नाही. १९४९ साली चित्रपट प्रदर्शित झाला. तो पाहून झां कोक्तो याने आपली ‘भयंकर मुले’ ही कादंबरी मेल्व्हिलच्या हाती सोपविली.

पुढे पॅरिसच्या झेनेर रस्त्यावर मेल्व्हिलने स्वतःचे चित्रणगृह उभारले व वरच्या मजल्यावर संसार थाटला. ‘बॉब ल फ्लांबर’ या १९५६ च्या चित्रपटासाठी तो पहाटेच्या मोंमार्त्रच्या रस्त्यांवर कॅमेरा घेऊन हिंडला. त्रुफो, शाब्रोल, माल या तरुणांनी आपल्या आरंभीच्या चित्रपटांसाठी दकाएलाच बोलावले. गोदारने तर १९६० च्या ‘ब्रेथलेस’मध्ये खुद्द मेल्व्हिलला कादंबरीकाराची लहानशी भूमिका दिली. हे शिष्यत्व मात्र त्याला फार काळ मानवले नाही. तो नावाजलेल्या नटांकडे आणि गुन्हेगारी कथांकडे वळला, आणि खरे तर त्याचे श्रेष्ठ काम तेथेच झाले.

२९ जून १९६७ रोजी, ‘ल सामुराई’चे काम चालू असता, ते चित्रणगृह आगीत भस्मसात झाले. नायकाच्या खोलीतील पिंजऱ्यातला इवलासा पक्षीही त्यात गेला. ज्याने एकदा स्वतःहून जाळण्याची तयारी दाखविली होती, त्याच्यावर अग्नीने असा सूड घ्यावा! चित्रपट तरीही पुरा झाला.

१९६९ साली ‘छायांची सेना’ या चित्रपटात तो पुन्हा प्रतिकार चळवळीकडे वळला. मात्र मे १९६८ च्या उठावानंतरच्या फ्रान्समध्ये त्यावर द गॉलच्या स्तुतीचा आरोप झाला. २ ऑगस्ट १९७३ रोजी वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी मेल्व्हिल वारला. अमेरिकेतील चित्रगृहांत हा चित्रपट प्रथम लागला तो २००६ साली, आणि तेथील कित्येक समीक्षकांनी त्या वर्षीच्या उत्तम चित्रपटांत त्याची गणना केली.