तिलावा : त्रिपुरी पौर्णिमेच्या रात्रीची जलसमाधी

सुरत म्हटली की मराठी मनास १६६४ सालची शिवछत्रपतींची स्वारी आठवते. तापीतीरावरील त्या बंदराचे दर्यावर्दी वैभव पुढे मुंबईकडे सरकले. परंतु सुरत-नवसारीकडील माणसांचे समुद्राशी जडलेले नाते तुटले नाही. पोटापाण्यासाठी तेथील असंख्य कुटुंबे मुंबईहून आगबोटीने आफ्रिकेस जात-येत राहिली. त्यांपैकी एका आगबोटीची हकीकत वाचकांपुढे ठेवावी, असे आम्हांस वाटते.

‘तिलावा’ ही ब्रिटिश इंडिया कंपनीची, १९२४ साली बांधलेली, सुमारे दहा हजार टनांची आगबोट माल आणि उतारू दोन्ही नेत असे. २० नोव्हेंबर १९४२ रोजी ती मोंबासा व दरबानच्या वाटेने मुंबईहून निघाली. तिच्यावर ७३२ उतारू, २२२ खलाशी व नोकर आणि ४ तोफची असे ९५८ जीव होते. उतारूंत सुरतेकडील गुजराती मंडळी पुष्कळ होती. मालात दक्षिण आफ्रिकेच्या टांकसाळीसाठी घेतलेल्या चांदीच्या २३६४ विटा होत्या.

२२ नोव्हेंबरची रात्र त्रिपुरी पौर्णिमेची होती. इकडे कोकण-गोमंतकातील देवळांत दीपमाळा उजळण्याची ती रात्र; तिकडे मध्यरात्र उलटल्यावर, सेशेल्स बेटांच्या ईशान्येस सुमारे ९३० मैलांवर, ‘आय-२९’ या जपानी पाणबुडीचा पाणतीर तिलावाच्या कुशीत शिरला. बोट लगेच बुडाली नाही. म्हणून होड्यांत उतरलेले कित्येक लोक पुन्हा वर चढले. तोच दुसरा पाणतीर आदळला आणि तिलावा तळाशी गेली. २८० जणांना जलसमाधी मिळाली. बिनतारी संकटसंदेश गेला होता. त्यामुळे २५ नोव्हेंबरला ‘बर्मिंगहॅम’ ही ब्रिटिश युद्धनौका तेथे पोहोचली आणि वाचलेल्यांपैकी बहुतेकांना घेऊन २७ तारखेस मुंबईस आली.

दैवगती पाहावी! पाचच महिन्यांनी, एप्रिल १९४३ मध्ये, याच ‘आय-२९’ने मादागास्करजवळ जर्मन पाणबुडीतून नेताजी सुभाषचंद्र बोस यांना आपल्यात घेतले. एकाच पाणबुडीने आमच्या शेकडो घरांत अंधार केला आणि आमच्या स्वातंत्र्याच्या एका सेनानीस पूर्वेकडे पोहोचविले. युद्धाचा हिशेब असा सरळ कधीच लागत नाही. पुढे जुलै १९४४ मध्ये अमेरिकन पाणबुडीने तिलाही बुडविले.

चांदी मात्र कोणी विसरले नाही. २०१७ साली सुमारे अडीच किलोमीटर खोल सागरतळातून ती वर काढण्यात आली. तिच्यावरून खटला चालला आणि मे २०२४ मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने दक्षिण आफ्रिकेच्या बाजूने निकाल दिला. प्रत्येक विटेची मोजदाद झाली. ज्या माणसांनी प्राण दिले, त्यांची मोजदाद मात्र त्यांच्या घरच्यांनीच जपली. २०२२ साली, ऐंशी वर्षांनी, त्यांचे वंशज मुंबईत स्मरणासाठी जमले.

या कंपनीच्या बोटींवर रत्नागिरीकडील खलाशी आणि गोव्याचे आचारी-बटलर पिढ्यान्‌पिढ्या राबत आले. म्हणून हे दुःख केवळ सुरतेचे नाही. ते आमच्या किनाऱ्याचेही आहे. ज्यांच्या देहाला अग्नी वा माती लाभली नाही, त्यांना आमच्याकडून निदान स्मरण तरी लाभावे. येत्या त्रिपुरी पौर्णिमेस दीपमाळ उजळताना एक पणती, जातधर्म न पाहता, तिलावावरील त्या २८० जीवांसाठी ठेवावी, एवढीच आमची विनंती.