पटवर्धन, आनंद

(१८ फेब्रुवारी १९५०– ). भारतीय माहितीपटकार. जन्म मुंबईत. रावसाहेब व अच्युत पटवर्धन हे स्वातंत्र्यसैनिक त्यांचे काका. आई निर्मला पटवर्धन नामवंत कुंभकलाकार. शिक्षण मुंबईचे एल्फिन्स्टन महाविद्यालय, अमेरिकेतील ब्रँडाइस व कॅनडातील मॅक्‌गिल विद्यापीठ येथे.

बिहार आंदोलनावरील ‘क्रांती की तरंगें’ आणि राजकीय कैद्यांवरील ‘जमीर के बंदी’ (१९७८) हे त्यांचे आरंभीचे माहितीपट. पहिल्याचे काही चित्रण घरगुती सुपर-८ कॅमेऱ्याने झाले. ते पडद्यावर दाखवून १६ मिमी कॅमेऱ्याने पुन्हा टिपले गेले. आणीबाणीत त्याचे प्रदर्शन चोरूनच होई.

‘हमारा शहर’ (१९८५) मुंबईतील झोपड्या पाडण्याच्या मोहिमांवर आहे. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढील कामाच्या दृष्टीने मात्र त्यातील शाहीर विलास घोगरे यांचे गाणे अधिक महत्त्वाचे ठरले.

घोगरे मुलुंडच्या झोपडवस्तीत राहत. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरला पूर्व द्रुतगती मार्गालगतच्या रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. निषेधासाठी जमलेल्यांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला. दहा जण मृत्युमुखी पडले. गोळीबार अपरिहार्य होता, हा पोलिसांचा दावा वस्तीने कधीच मान्य केला नाही. या घटनेने व्यथित होऊन चार दिवसांनी घोगरे यांनी आत्महत्या केली. डाव्या चळवळीत वावरलेल्या या शाहिराने शेवटी डोक्याला आंबेडकरी चळवळीच्या रंगाचे निळे फडके बांधले होते. ‘जय भीम कॉम्रेड’ची (२०११) सुरुवात या निळ्या फडक्यापासून होते. चित्रण चौदा वर्षे चालले. लांबी सुमारे सव्वातीन तास. जलसे, आंबेडकर जयंतीच्या मिरवणुका, शाहीर संभाजी भगत, कबीर कला मंच या कलापथकाच्या शीतल साठे असा हा पट आहे. गाण्यांना त्यात पुराव्याइतकेच वजन आहे आणि आंबेडकरी शाहिरीचा इतका विस्तृत दृश्य दस्तऐवज दुसरा क्वचितच सापडेल. गोळीबाराचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याला सत्र न्यायालयाने २००९ मध्ये जन्मठेप दिली. उच्च न्यायालयातून त्याला जामीन मिळाला. मुंबईत ‘जय भीम कॉम्रेड’ भायखळ्याच्या बीआयटी चाळीत उघड्यावर दाखवला गेला.

अयोध्येवरील ‘राम के नाम’ (१९९२), ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ (१९९५) आणि पोखरणच्या अणुचाचण्यांनंतरचा ‘जंग और अमन’ (२००२) हे माहितीपट न्यायालयीन लढ्यांमुळेही गाजले. दूरदर्शनने नाकारलेल्या ‘राम के नाम’चे प्रक्षेपण न्यायालयाच्या आदेशाने झाले. ‘जंग और अमन’ मुंबई उच्च न्यायालयाच्या निकालानंतर कात्रीविना प्रमाणित झाला. या माहितीपटांवर एकांगीपणाचा आक्षेप घेतला जातो. पटवर्धन तटस्थतेचा दावाही करत नाहीत.

सिमंतिनी धुरू यांच्यासह ‘नर्मदा डायरी’ (१९९५). २०१४ मध्ये व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार. ‘विवेक’ला (२०१८) ॲम्स्टरडॅमच्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट पूर्ण लांबीच्या माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. ‘वसुधैव कुटुंबकम्’ (२०२३) स्वतःच्या कुटुंबाविषयी आहे.