दुसरं तितकंच

‘आल्तेरुम तान्तुम’ हा रोमन कायद्यातला एक जुना शब्दप्रयोग आहे. ‘आल्तेर’ म्हणजे दोहोंपैकी दुसरा आणि ‘तान्तुम’ म्हणजे तितकं. दोन्ही मिळून अर्थ होतो ‘दुसरं तितकंच’. मुद्दल जितकं, व्याज फार तर तितकंच. शंभर रुपये दिले असतील तर व्याज वाढत वाढत शंभरापर्यंत जाईल आणि तिथे थांबेल. मग कर्ज दहा वर्षं थकलं काय नि तीस वर्षं थकलं काय!

माझा एक जुना विद्यार्थी तालुक्याच्या कोर्टात वकिली करतो. त्याने हा शब्द सांगितला तेव्हा मी पटकन म्हणालो, “अरे, ही तर आपली दामदुप्पट!” तो हसला आणि म्हणाला, “सर, म्हणूनच तर तुमच्याकडे आलो.” लॅटिनचा मला गंध नाही. पण बी.ए.ला इतिहास होता आणि शब्दांच्या मागे लागायची खोड जुनीच. हाताशी वेळही भरपूर. तेव्हा जे काही वाचलं, ते इथे मांडतो.

आधी आपल्या शब्दाबद्दल. आज ‘दामदुप्पट’ म्हटलं की लोकांना ठेवीच्या जाहिराती आठवतात. ‘अमुक वर्षांत दामदुप्पट’ असे फलक लावून कितीतरी कंपन्या आल्या आणि लोकांचे पैसे घेऊन गेल्याही. मूळ अर्थ नेमका उलटा. दामदुप्पट हे सावकाराला घातलेलं कुंपण होतं, त्याला दाखवलेलं आमिष नव्हे. यातला ‘दाम’ हाही मोठा प्रवासी शब्द. ग्रीकांचं ‘द्राख्मे’ नावाचं नाणं, त्याचं संस्कृतात ‘द्रम्म’ झालं आणि पुढे ‘दाम’. अकबराच्या काळात तांब्याचे चाळीस दाम म्हणजे एक रुपया. रोमन लोक याच नियमाला ‘दुप्लुम’ हाही शब्द वापरत. त्यातला ‘दु’ आणि आपल्या दुप्पटमधला ‘दु’ एकाच घरातले.

आता रोमकडे जाऊ. इसवी सनापूर्वी ८५ च्या सुमारास सुल्ला या रोमन सेनापतीने आशिया प्रांतावर (म्हणजे आजच्या तुर्कस्तानच्या पश्चिम भागावर) २०,००० टॅलेंट इतका दंड बसवला. एवढी चांदी शहरांकडे कुठून असणार? त्यांनी रोमच्या सावकारांकडून आणि करवसुलीचे मक्ते घेणाऱ्यांकडून कर्ज काढलं. प्लुटार्क हा चरित्रकार सांगतो की पंधरा वर्षांच्या आत लोकांनी मूळ रकमेच्या दुप्पट, म्हणजे ४०,००० टॅलेंट फेडले, आणि तरीही बाकी निघाली १,२०,००० टॅलेंट! देवळांतल्या मूर्ती विकल्या गेल्या, घरातली मुलं-मुली विकावी लागली, आणि शेवटी ऋणको स्वतःच सावकाराचे गुलाम झाले.

तिथे लुकुल्लुस नावाचा रोमन सेनापती आला. त्याने चार हुकूम काढले. व्याज महिन्याला शेकडा एक, त्याहून जास्त नाही. मुद्दलापेक्षा जास्त झालेलं व्याज रद्द. सावकाराने ऋणकोच्या उत्पन्नाचा चौथा हिस्साच घ्यायचा. आणि चौथा हुकूम मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो: ज्या सावकाराने व्याज मुद्दलात मिळवलं असेल, त्याचं सगळंच बुडालं. चार वर्षांच्या आत कर्जं फिटली आणि जमिनी मूळ मालकांकडे मोकळ्या होऊन परत आल्या. सावकारांनी मात्र रोममध्ये जाऊन लुकुल्लुसविरुद्ध बोंब ठोकली आणि पैसे चारून पुढारी त्याच्यावर सोडले. दोन हजार वर्षांपूर्वीची ही गोष्ट वाचताना आपल्याकडच्या कुठल्याही जिल्ह्याचं नाव त्यात घालावं, बसून जातं.

पुढे सहाव्या शतकात जस्टिनियन बादशहाने कायद्यांची संहिता केली. तोवर नियम असा होता की एका वेळी थकलेलं व्याज मुद्दलाहून जास्त नको. वेळोवेळी फेडलेलं व्याज त्यात धरत नसत. जस्टिनियनने तेही धरायला लावलं. आजवर भरलेलं आणि थकलेलं मिळून मुद्दलाइतकं झालं की व्याज बंद. शिवाय व्याज मुद्दलात मिळवायलाही त्याने मनाई केली. त्याला राज्यकर्ता म्हणून नावं ठेवणारे पुष्कळ आहेत, पण हे काम पक्कं केलं.

आपल्याकडे ही मर्यादा गौतम धर्मसूत्रात आहे, कौटिल्यात आहे, मनुस्मृतीत आहे, याज्ञवल्क्यात आहे. म्हणजे रोमकडून आपण ती घेतली असं म्हणायला काही आधार नाही. याज्ञवल्क्याने तर वस्तूंप्रमाणे फरक केला: सोन्याची वाढ दुप्पट, धान्याची तिप्पट, कापडाची चौपट. कणगीतलं धान्य पेरलं तर वाढतं, सोनं पेरून उगवत नाही, असा काहीसा विचार यामागे असावा असं मला वाटतं.

मनुस्मृतीबद्दलची माझी मतं इथे सांगत बसत नाही. पण एक गोष्ट सांगायलाच हवी. तारण ठेवलेल्या कर्जावर महिन्याला ऐंशीवा हिस्सा व्याज हा तिथला सौम्य दर. या दराने मुद्दलाइतकं व्याज व्हायला ऐंशी महिने लागतात. पण त्याच अध्यायात वर्णाप्रमाणेही दर दिले आहेत. ब्राह्मणाकडून महिन्याला शेकडा दोन, क्षत्रियाकडून तीन, वैश्याकडून चार आणि शूद्राकडून पाच. ज्याच्याकडे सर्वांत कमी, त्याला सर्वांत महाग पैसा! शेकडा पाचाने वीस महिन्यांत दुप्पट होते. आमच्या भागात खासगी सावकारीचा ‘शेकडा पाच’ हा दर कुणाला अपरिचित नाही.

आता या नियमातली फट. मनूने म्हटलं आहे की ‘एका वेळी’ घेतलेलं व्याज मुद्दलाहून जास्त होऊ नये. हे दोन शब्द टीकाकारांनी बरोबर पकडले. कल्याणीच्या चालुक्यांच्या काळात विज्ञानेश्वराने ‘मिताक्षरा’ लिहिली. विदर्भात हिंदू कायद्याला हाच ग्रंथ प्रमाण. त्यात स्पष्ट केलं आहे की व्याज हप्त्याहप्त्याने घेतलं, किंवा कर्जाचा करार नव्याने केला, तर एकूण घेतलेली रक्कम दुपटीच्या पुढे जाऊ शकते. खुद्द मनूनेच सांगितलं आहे की ज्याला व्याज देणं जमत नाही, त्याने ते नव्या खतात चढवून द्यावं.

याचा हिशेब करून पाहू. दहा हजार रुपये शेकडा पाचाने घेतले. वीस महिन्यांनी व्याज झालं दहा हजार. दामदुपटीप्रमाणे आता घड्याळ थांबायला हवं. सावकार म्हणतो, “थांबतं ना! फक्त खत नवं करून दे.” नवं खत वीस हजारांचं. आणखी वीस महिन्यांनी देणं होतं चाळीस हजार. पुन्हा नवं खत. साठ महिने झाले की ऐंशी हजार. आणि गंमत म्हणजे यातल्या कुठल्याही खतात दामदुप्पट मोडलेली नाही! पाच वर्षांत दहाचे ऐंशी झाले, आणि धर्मशास्त्राला बोट ठेवायला जागा नाही. लुकुल्लुस आणि जस्टिनियनने जी फट बुजवली, ती आपल्या शास्त्रकारांनी उघडी ठेवली. ती मुद्दाम ठेवली असं मी म्हणणार नाही. पण खत लिहिणारे कोण होते आणि अंगठा लावणारे कोण, हे लक्षात ठेवावं.

इंग्रजांनी १८५५ मध्ये व्याजावरचे जुने निर्बंध कायदा करून काढून टाकले. कराराने जो दर ठरेल तो खरा. पण मुंबईच्या उच्च न्यायालयाने दामदुप्पट हा हिंदू कायद्याचा नियम म्हणून टिकवला, आणि वऱ्हाडातही तो लागू मानला गेला. मुंबईत ऋणको हिंदू असला की पुरे, सावकार कोणत्याही धर्माचा चाले. मद्रासकडे मात्र हा नियम लागू नव्हता. अजून एक मेख होती. दावा दाखल झाला की दामदुप्पट संपते, पुढचं व्याज कोर्टाच्या हातात. खटला जितका लांबेल, तितकं वाढतं.

वऱ्हाड १८५३ मध्ये निजामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली आला. आमचा जिल्हा तेव्हा वणी जिल्हा म्हणून ओळखला जाई. यवतमाळ हे नाव १९०५ चं. १८६० नंतर इथे जमिनीची मोजणी होऊन कास्तकाराच्या नावावर वावर चढलं आणि ते विकता किंवा गहाण ठेवता येऊ लागलं. त्याच सुमारास अमेरिकेत यादवी युद्ध (१८६१ ते १८६५) पेटलं आणि कापसाचे भाव आभाळाला भिडले. सावकाराला एवढं चांगलं तारण पूर्वी कधी मिळालं नव्हतं. युद्ध संपलं, भाव पडले, खतं राहिली.

पुणे आणि नगर जिल्ह्यांत १८७५ साली शेतकऱ्यांनी दंगे केले. सुपे गावापासून सुरुवात झाली. त्यांनी सहसा माणसं मारली नाहीत. खतं आणि वह्या मागून घेतल्या आणि जाळल्या. फट कुठे आहे हे त्यांना कुठल्याही विज्ञानेश्वरापेक्षा चांगलं कळत होतं. १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी जो कायदा झाला, त्यात कोर्टाला अधिकार मिळाला की समोर आलेल्या खतावर न थांबता मागे मागे जाऊन पहिल्या व्यवहारापासून हिशेब उलगडावा. हा कायदा मुंबई इलाख्यातल्या जिल्ह्यांसाठी होता. वऱ्हाड त्यात नव्हता.

स्वातंत्र्याच्या सुमारास दामदुप्पट धर्मशास्त्रातून निघून साध्या कायद्यात आली. मुंबई सावकारी अधिनियम १९४६ चा. त्यात मुद्दलाहून जास्त थकीत व्याजाचा हुकूमनामा कोर्टाने देऊ नये असं म्हटलं, आणि तिथे धर्माचा प्रश्न उरला नाही. १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गहाणाच्या व्यवहारालाही दामदुप्पट लागू होते असा निर्वाळा दिला. २०१४ मध्ये महाराष्ट्राने सावकारीचा नवा कायदा केला. त्यात सावकाराने बळकावलेली जमीन परत मिळवण्यासाठी जिल्हा उपनिबंधकाकडे अर्ज करता येतो आणि पंधरा वर्षांपर्यंत मागचा व्यवहार तपासता येतो. कारण सावकारही शहाणा झाला होता. तो आता खतच करत नाही, सरळ खरेदीखत करून घेतो. कागदावर कर्ज नाही, मग व्याज कुठलं आणि दुप्पट कशाची?

दक्षिण आफ्रिकेत डच वसाहतीमुळे रोमन कायदा गेला आणि तिथे हा नियम ‘इन दुप्लुम’ या नावाने आजही जिवंत आहे. जस्टिनियनची सुधारणा मात्र तिथे पोचली नाही. तिथेही फक्त थकीत व्याजच मोजत, आणि दावा लागला की मर्यादा उठते असंच न्यायालयं मानत होती. २०१५ मध्ये तिथल्या घटना न्यायालयाने ते बदललं: निकाल लागेपर्यंत मर्यादा कायम राहील. आपल्याकडे ही मेख तशीच आहे.

राहता राहिली सोसायटी. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमात ४४-अ हे कलम आहे. सभासदाच्या शेतीकर्जावर मुद्दलापेक्षा जास्त व्याज संस्थेने वसूल करू नये असं ते सांगतं. रिझर्व्ह बँकेनेही अल्प आणि अत्यल्प भूधारकांच्या पीककर्जाबाबत बँकांना हेच सांगितलेलं आहे. म्हणजे आल्तेरुम तान्तुम आमच्या गावच्या सोसायटीच्या दारात येऊन उभं आहे. पण दरवर्षी मार्च आला की गावोगाव ‘नवे-जुने’ सुरू होतं. कास्तकार कुणाकडून तरी आठ दिवसांसाठी महाग पैसा उचलतो, जुनं कर्ज व्याजासकट भरतो, नवं कर्ज थोडं वाढवून घेतो आणि उचललेला पैसा त्यातून परत करतो. बोंडअळीचं वर्ष असो की ओल्या दुष्काळाचं. सोसायटीच्या वहीत वसुली शंभर टक्के. कास्तकाराच्या हातात मात्र पेरणीपुरतेही उरत नाहीत, आणि मुद्दलाचा आकडा दर वर्षी मागच्या व्याजाने फुगलेला असतो. दुष्काळात कर्जाचं पुनर्गठन होतं तेव्हाही थकलेलं व्याज मुद्दलात जाऊन बसतं. २००६ मध्ये पंतप्रधानांनी विदर्भाच्या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज दिलं, त्यातले ७१२ कोटी थकीत व्याज माफ करण्यासाठी होते. तेव्हा ते मोजलं गेलं चालू खात्यावरचं. आधीच्या नव्या-जुन्यात जे व्याज मुद्दलाचे कपडे घालून बसलं होतं, ते माफीच्या यादीत व्याज म्हणून आलंच नाही.

तेव्हा ज्यांच्या घरी शेती आहे आणि सोसायटीचं खातं आहे, त्यांनी गटसचिवाकडे खातेउतारा मागताना चालू वर्षाचा मागू नये. पहिलं कर्ज ज्या वर्षी उचललं, तिथपासूनचा मागावा. एका कोऱ्या कागदावर दर वर्षी हातात प्रत्यक्ष किती रोख आली ते एका बाजूला लिहावं, आणि आजवर किती भरलं ते दुसऱ्या बाजूला.