राफ्ट (व्हिडिओ गेम)

राफ्ट हा रेडबीट इंटरॲक्टिव्ह या स्वीडिश संस्थेने विकसित केलेला आणि ॲक्सोलॉट गेम्सने प्रकाशित केलेला, महासागरात तगून राहण्यावर आधारलेला व्हिडिओ गेम आहे. २०१६ मध्ये तो प्रथम विनामूल्य उपलब्ध झाला. स्टीमवर त्याची प्राथमिक आवृत्ती २३ मे २०१८ रोजी, तर पूर्ण आवृत्ती २० जून २०२२ रोजी प्रसिद्ध झाली.

स्वरूप

खेळाचा आरंभ चार चौरसांच्या लहान तराफ्यावर होतो. प्रवाहासोबत वाहत येणाऱ्या फळ्या, प्लास्टिक, झावळ्या व पिंपे खेळाडू दोरी बांधलेल्या आकड्याने ओढून घेतो. पिण्याचे पाणी खाऱ्या पाण्यापासून तयार करावे लागते.

तराफ्याची बांधणी व विस्तार

हातोड्याच्या साहाय्याने फळ्या व प्लास्टिक वापरून नवे चौरस जोडले जातात. कडेला बसवलेल्या जाळ्यांत वाहते साहित्य आपोआप अडकते. वरच्या मजल्यांना खांबांचा आधार आवश्यक असतो. शार्क मासा तळाचे चौरस चावून तोडतो. त्याला भाल्याने हुसकावता येते किंवा चौरसांना धातूचे कवच चढवता येते. शिडाची जागा पुढे इंजिन घेते. एक इंजिन कमाल १०० चौरसांचा तराफा ओढते. त्यामुळे विस्तारासोबत इंजिने व इंधन यांची गरजही वाढते.

कथानक

रेडिओ संदेशग्राहक व तीन अँटेना बसवल्यावर पुढील ठिकाणांचा माग लागतो. त्यांत वासागाटान हे जहाज, टांगारोआ हे तरंगते शहर आणि वरुणा पॉइंट ही बुडालेली इमारत यांचा समावेश होतो. टांगारोआ ही पॉलिनेशियन, तर वरुण ही वैदिक जलदेवता आहे.