वाकविणारा ताप



२००६ साली महाराष्ट्रातल्या कितीतरी गावांत एक चमत्कारिक ताप आला. अंग फणफणायचे, तीन-चार दिवसांनी ताप उतरायचा. पण सांधे काही मोकळे व्हायचे नाहीत. घोटे, गुडघे, मनगटे अशी धरायची, की धडधाकट गडी भिंतीचा आधार घेतल्यावाचून उठत नसे. डॉक्टरांनी नाव सांगितले चिकुनगुन्या. लोकांनी ऐकले 'चिकन-गुन्या', आणि पुष्कळांनी कोंबडी खाणेच सोडले! त्याच वर्षी फेब्रुवारीत नवापूरकडे कोंबड्यांमध्ये बर्ड फ्लूची साथ झाली होती, तेव्हा संशयाला जागाही मिळाली. पण खरे सांगायचे, तर कोंबडीचा या तापाशी काडीइतकाही संबंध नाही. नावाचा अर्थ ठाऊक असता, तर निदान ही भीती तरी टळली असती. म्हणून आज त्या नावापासूनच सुरुवात करू.

आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावर टांझानिया नावाचा देश आहे. पूर्वी त्याच्या मुख्य भूमीला टांगानिका म्हणत. त्याच्या दक्षिण टोकाला मकोंडे लोकांचे पठार आहे. १९५२-५३ साली तिथल्या नेवाला भागात तापाची मोठी साथ उठली. माणसे अंथरुणाला खिळली, ती उठली तेव्हा कंबरेत वाकून चालू लागली. मकोंडे लोकांनी आपल्या भाषेत त्या दुखण्याला नाव दिले, चिकुनगुन्या, म्हणजे 'वाकविणारा'. किती नेमके नाव, पहा! मॅरियन रॉबिन्सन या डॉक्टरांनी रोग्यांची लक्षणे लिहून ठेवली. लम्सडेन नावाच्या संशोधकाने साथ कशी पसरली याचा शोध घेतला. दोघांचे लेख १९५५ साली प्रसिद्ध झाले. पुढच्याच वर्षी रॉस या शास्त्रज्ञाने हा ताप आणणारा विषाणू वेगळा काढल्याचे जाहीर केले.

आता लम्सडेनला तिथे काय दिसले ते ध्यानात ठेवण्यासारखे आहे. त्या पठारावर पाण्याची मोठी टंचाई. पाणी लांबून आणायचे आणि घरात भांड्यांतून भरून ठेवायचे. त्या साठवलेल्या पाण्यातच एक डास वाढत होता. त्याचे शास्त्रीय नाव एडिस इजिप्ती. काळपट अंगाचा, पायांवर पांढरे पट्टे असलेला. म्हणजे ताप जंगलातून धावून आला असे नव्हे. तो घरातल्या पाण्यापाशीच बसला होता.

लांबून आणलेले पाणी आणि भरून ठेवलेली भांडी! आपल्याला हे चित्र अनोळखी आहे का? मुळीच नाही.

हिंदुस्थानात हा विषाणू ओळखला गेला तो १९६३ साली, कलकत्त्याच्या साथीत. १९६४ साली मद्रासेकडे आणि १९६५ साली नागपुरात साथ झाली. आणि मग १९७३ साली सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीला हा ताप आला. बार्शी म्हणजे कमी पावसाचा टापू. १९७२च्या दुष्काळाची आठवण तिथे आजही निघते. रांजण, पिंपे, हौद भरून ठेवणे ही तिथल्या घरोघरची रीतच. त्या साथीत गावातल्या दर तीन माणसांमागे एकाहून अधिक आजारी पडले असा हिशेब तपासनीसांनी मांडला. पुण्याला १९५२ साली विषाणूंच्या संशोधनाचे एक केंद्र निघाले होते. आज त्याला राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्था म्हणतात. अशा साथींचा माग काढण्याचे पुष्कळ काम तिथल्या मंडळींनी केले.

बार्शीनंतर मात्र हा ताप जवळजवळ दिसेनासा झाला. तीस-बत्तीस वर्षे गेली. लोक विसरले. डास मात्र कुठेच गेला नव्हता. २००० साली पुणे जिल्ह्यातल्या यवत गावी पकडलेल्या डासांत हा विषाणू सापडला, आणि तो होता आफ्रिकेतल्या वाणाचा! पूर्वीच्या साथींतला वाण निराळा, आशियातला होता. पुढे २००५ साली हिंदी महासागरातल्या बेटांवर साथ भडकली. रेयुनियन बेटावर तर सुमारे एक तृतीयांश लोकांना ती भोवली. त्याच वर्षाच्या अखेरीस आपल्याकडेही ताप सुरू झाला, आणि २००६ साली देशभरात सुमारे तेरा लाख नव्वद हजार संशयित रोग्यांची नोंद झाली. एकदा हा ताप येऊन गेला की शरीरात त्याच्याविरुद्ध दीर्घकाळ टिकणारी शक्ती येते. पण मधल्या तीस वर्षांत जन्मलेल्या पिढीला ती कुठली असणार?

हे ऐकून कोणी म्हणेल, पाणी साठवणाऱ्यांचीच ही चूक. तसे म्हणू नये. जिथे नळाला चार दिवसांनी पाणी येते, तिथे बाईने रांजण भरायचा नाही तर काय करायचे? साठवण ही गरज आहे. दोष आहे उघड्या तोंडाचा आणि न घासलेल्या कडेचा.

ते कसे, पहा. हा डास अंडी घालतो ती पाण्याच्या कडेला, भांड्याच्या आतल्या ओल्या अंगाला. भांडे कोरडे पडले तरी ती अंडी कित्येक महिने जिवंत राहतात. पाणी भरले की फुटतात. अंड्यातून अळी, अळीतून कोष आणि कोषातून डास, एवढे व्हायला उन्हाळी दिवसांत साधारण आठ-दहा दिवस पुरतात. म्हणून नुसते पाणी ओतून भागत नाही. आठवड्यातून एक वार ठरवावा, भांडे रिकामे करावे, आतून काथ्याने खसखसून घासावे, वाळवावे, मग भरावे आणि वर फडके बांधावे. यालाच 'कोरडा दिवस' म्हणतात. मोठा हौद उपसणे शक्य नसेल तर त्यात गप्पी मासे सोडावेत. ते अळ्या खाऊन टाकतात. परसातले जुने टायर, करवंट्या, फुटके डबे यांतले पाणीही विसरू नये. आणि हो, हा डास दिवसा चावतो, म्हणून ताप आलेल्या माणसाने दिवसाही मच्छरदाणीतच निजावे. त्याला चावलेला डास दुसऱ्याला चावला, की ताप पुढे सरकलाच.

या विषाणूवर नेमका उतारा असे औषध नाही. विश्रांती, भरपूर पाणी आणि डॉक्टरांच्या सल्ल्याने पॅरासिटामॉल, एवढाच उपाय. डेंग्यूही हाच डास आणतो आणि सुरुवातीला दोन्ही ताप सारखेच दिसतात. तेव्हा तपासणी होईपर्यंत अ‍ॅस्पिरिनसारख्या गोळ्या मनाने घेऊ नयेत. डेंग्यूत त्यांनी रक्तस्राव वाढू शकतो. सांधेदुखी महिनोन्‌महिने रेंगाळू शकते. अशा माणसाला आळशी म्हणू नका. त्याचे दुखणे खरे असते.

शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, आपल्याला एक विनंती. काचेच्या बाटलीत रांजणातल्या अळ्या घ्या, तोंडाला फडके बांधा आणि मुलांना दाखवा. त्या पाण्यात कशा वळवळतात आणि श्वास घ्यायला वर कशा येतात, ते मुले एकदा बघतील, तर घरी जाऊन आईच्या आधी रांजणात डोकावतील. पाहून झाले की त्याच दिवशी ते पाणी कोरड्या तापलेल्या जमिनीवर ओतून टाका.

मकोंडे लोकांनी तापाचे नाव ठेवले 'वाकविणारा'. रांजण घासायला आठवड्यातून एकदा आपण आपल्या खुशीने वाकलो, तर त्या तापापुढे वाकण्याची वेळ पुष्कळ वेळा टळेल.